चौलच्या नाक्यावर गाडी थांबली नाही

गेल्या हिवाळ्यात केपटाऊनहून माझी भाची आली होती. मामेबहिणीची मुलगी. तिच्या पणजोबांनी माणगाव तालुक्यातलं मोर्बा सोडलं आणि बोटीने ते दक्षिण आफ्रिकेला गेले. केपटाऊनमध्ये आज कोकणी मुसलमानांची वस्ती आहे आणि त्यातल्या बऱ्याच घरांची मुळं मोर्बा, हबसाण याच पट्ट्यात निघतात. मुलीला मराठी येत नाही. कोकणीतले पाचपन्नास शब्द येतात, तेही आजीच्या तोंडून ऐकलेले, निम्मे खाण्याचे आणि निम्मे रागावण्याचे. तिला 'आपला किनारा' बघायचा होता. मी म्हटलं, चल, एसटीने फिरू. पण ती येण्याआधीच इंटरनेटवरून एका दिवसाची खासगी सहल ठरवून मोकळी झाली होती: मुंबईहून बोट, पलीकडे गाडी, सोबत गाईड, अलिबाग, रेवदंडा, कोर्लई, मुरूड, रात्री परत. जाहिरातीत शब्द होते 'कलोनियल टाउन्स'. मी 'आणखी एक माणूस' म्हणून त्या गाडीत बसलो. माझं गाव म्हसळा तालुक्यात, माझे आजोबा जन्माने जंजिरा संस्थानची रयत. म्हणजे मी माझ्याच अंगणाची सहल पैसे भरून केली. (पैसे तिने भरले, ही गोष्ट वेगळी.)

हा लेख त्या सहलीवर आहे आणि तो तक्रारीचा आहे. आधी सहल विकणाऱ्यांची तक्रार करतो, मग आपली. ज्यांना फक्त पहिली वाचायची असेल त्यांनी कृपया दुसरीही वाचावी.

गाईड मांडव्याच्या जेट्टीवर भेटला. पंचविशीतला, हसरा, तालुक्यातलाच आगरी मुलगा. सहा महिने हे काम करायचं, पावसाळ्यात भातशेती. बोलायचा मजकूर कंपनीने मोबाइलवर पाठवलेला, तो त्याने चोख पाठ केला होता. भाचीशी इंग्रजीत, माझ्याशी मराठीत. अर्ध्या तासाने त्याने माझं नाव विचारलं. मी सांगितलं. तो जरा थांबला आणि म्हणाला, "सर, तुमचं मराठी खूप छान आहे." मी म्हटलं, "तुझंपण चांगलं आहे रे." तो हसला, मीही हसलो. या वाक्यावर मी पूर्वी दिवसभर चिडून असायचो. आता वय झालं. पण एक फरक माझ्या लक्षात आला: नाव कळल्यानंतर त्याच्या मजकुरातला 'मुसलमान' हा शब्द गळाला आणि त्या जागी 'बाहेरचे लोक' आला. बिचाऱ्याने अदब म्हणून केलं असणार. मला मात्र जुना शब्दच बरा वाटला असता.

अलिबागमध्ये त्याने सांगितलं की अली नावाच्या एका श्रीमंत ज्यू माणसाच्या बागांवरून गावाला नाव पडलं. कुलाबा जिल्ह्याच्या जुन्या गॅझेटियरमध्ये हा अली मुसलमान आहे. त्याने विहिरी खोदल्या, बागा लावल्या. आपले शेजारी बेने इस्रायली म्हणतात तो आमचा. म्हणू देत. त्यांनी या किनाऱ्यावर शेकडो वर्षं तेलाचे घाणे चालवले, शनिवारी घाणा बंद ठेवला म्हणून 'शनिवार तेली' हे नाव मिळवलं, आणि जिच्या तिच्या घरी नारळाचं दूध मागायला जाता येईल इतके जवळचे राहिले. एका बागवाल्यावरून त्यांच्याशी मी भांडणार नाही.

अलिबागहून नागावमार्गे गाडी चौलला आली. चौलच्या नाक्यावर मी म्हटलं, "इथे थोडं आत हमामखाना आहे. जुन्या मशिदीचे अवशेष आहेत. दाखवूया हिला." गाईडने घड्याळ बघितलं. "सर, पॅकेजमध्ये नाही. रेवदंड्याला वेळ लागतो." गाडी थांबली नाही.

आता चौल म्हणजे काय ते सांगतो, कारण आपल्याच मुलांना ते माहीत नाही. टॉलेमीच्या भूगोलात, 'पेरिप्लस'मध्ये या बंदराचं नाव येतं. अरब त्याला सैमूर म्हणत. इ.स. ९१६ च्या सुमारास बगदादचा इतिहासकार अल-मसूदी इथे आला होता. 'मुरूज अल-जहब' या आपल्या ग्रंथात तो लिहितो की सैमूरमध्ये दहा हजारांच्या आसपास मुसलमान राहतात: सिराफचे, ओमानचे, बसऱ्याचे, बगदादचे, आणि त्यांच्यात इथेच जन्मलेलेही आहेत, ज्यांना 'बयासिरा' म्हणतात. या लोकांचा एक मुख्य असे, त्याला 'हुनरमन' म्हणत. मुसलमानांचे आपसातले तंटे तो तोडायचा. त्याला नेमायचा कोण? इथला हिंदू राजा, शिलाहार घराण्यातला झंझ. त्याच सुमाराचा एक ताम्रपट वर पालघरकडे चिंचणीला सापडला आहे, शके ८४८ चा, म्हणजे इ.स. ९२६. त्यात राष्ट्रकूटांच्या वतीने संजाण प्रांताचा कारभार बघणाऱ्या एका 'ताजिक' म्हणजे अरब अधिकाऱ्याचं नाव आहे मधुमती. मूळ मुहंमद. संस्कृत लिहिणाऱ्याने आपल्या जिभेवर बसेल असं करून घेतलं. या मधुमतीच्या राज्यात देवीच्या मठाला गाव दान दिलं गेलं, त्याची ती नोंद आहे. मुहंमदचा मधुमती झाला आणि कोणाचंही काही बिघडलं नाही.

हे अकराशे वर्षांपूर्वीचं. तेव्हा पोर्तुगाल नावाचा देश अजून जन्माला यायचा होता.

आणि तरीही चौल-रेवदंडा 'पोर्तुगीज शहर' म्हणून विकलं जातं. विकायला हरकत नाही, पोर्तुगीज इथे होतेच. १५२१ साली अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाच्या परवानगीने त्यांनी खाडीच्या तोंडाशी ठाणं बांधायला घेतलं. निजामशाहीचं वरचं चौल आणि पोर्तुगीजांचं खालचं चौल, म्हणजे आजचं रेवदंडा, अशी दोन शहरं नंतर दोनशे वर्षं शेजारी नांदली आणि भांडली. वरच्या चौलात रेशीम विणलं जायचं, घोडे उतरायचे. तिकडे बाजार, इकडे तोफा. सहलीत तोफांचं शहर दाखवतात, बाजाराचं शहर गाडीच्या काचेतून मागे जातं.

रेवदंड्याच्या तटात शिरलो. नारळ-सुपारीच्या वाड्या, मधूनच एखादी कमान, चर्चच्या भिंती, तो सातखणी मनोरा. जागा सुंदर आहे, नाही कशाला म्हणू. गाईड म्हणाला, "लिस्बनमध्ये आल्यासारखं वाटतं ना?" मग १५०८ सालची लढाई आली. पोर्तुगीज व्हाइसरॉयचा तरुण मुलगा लोरेन्सो द आल्मेदा या खाडीच्या मुखाशी शेवटपर्यंत लढता लढता मेला, हे त्याने इतकं रंगवून सांगितलं की माझ्या भाचीचे डोळे भरून आले. ती म्हणाली, "आणि तो कोणाशी लढत होता?" गाईडने मोबाइल चाळला. त्यात नव्हतं.

तो इजिप्तच्या मामलुक सुलतानाच्या आरमाराशी लढत होता. आरमाराचा प्रमुख अमीर हुसेन, मदतीला दीवचा मलिक अयाज. आपल्या समुद्रावर नव्याने आलेल्या एका सशस्त्र टोळीला हाकलण्यासाठी ते आले होते. ही टोळी काय करत होती? सहा वर्षांआधी, १५०२ मध्ये, वास्को द गामाने हजहून परतणारं 'मिरी' नावाचं जहाज बायकामुलांसकट जाळलं होतं. पुढे पोर्तुगीजांनी कायदाच केला: या समुद्रात जहाज हाकायचं तर आमचा परवाना घ्या, नाहीतर माल जप्त. त्या परवान्याला ते 'कार्ताझ' म्हणत. शब्दसुद्धा त्यांचा नव्हे, अरबीतल्या 'किर्तास' म्हणजे कागद या शब्दावरून उचललेला. हजला निघालेल्या माणसाला येशू-मरियमच्या चित्राचा तो कागद जवळ बाळगावा लागे आणि अकबराच्या दरबारातले उलेमा यावर खल करत बसत. १६१३ मध्ये तर त्यांनी जहांगीर बादशहाच्या आईचं 'रहीमी' हे जहाज सुरतेजवळ पकडून नेलं, परवाना असताना. गोव्यात १५६० पासून इन्क्विझिशन चाललं. वसई-साष्टीत देवळं पडली, मशिदी पडल्या. या सगळ्यातला एक शब्द त्या मजकुरात नव्हता. मजकुरात होतं वाइन, संगीत आणि वास्तुकला.

इथे मला एक गोष्ट खटकते ती स्पष्टच लिहितो. 'कलोनियल' हा शब्द आता सजावटीचा झाला आहे. हॉटेलच्या खोलीला लावतात, लाकडी खुर्चीला लावतात. इंग्रज गेल्याला तीन पिढ्या झाल्या, पोर्तुगीज या भागातून १७४० मध्येच गेले, चिमाजी आप्पाने वसई घेतल्यावर झालेल्या तहात चौल-कोर्लई मराठ्यांकडे आलं. आता त्यांची भीती कोणाला वाटत नाही, म्हणून त्यांच्यावर प्रेम करणं सोपं जातं. ठीक आहे. पण मग सवलत सगळ्यांना द्या. ज्यांचा किल्ला पडका झाला त्यांना 'वारसा' म्हणायचं, आणि ज्यांची माणसं अजून गावात राहतात, मतं देतात, मासळी विकत घेतात, त्यांना 'बाहेरचे' म्हणायचं, हा हिशेब मला कळत नाही.

रेवदंड्यातच शाळेच्या आवारात अफानासी निकितीनचं स्मारक आहे. हा त्वेर गावचा रशियन व्यापारी, १४६९ च्या सुमारास होर्मुझहून एक घोडा घेऊन चौलला उतरला. रशियाने त्याची आठवण ठेवली, चांगलं केलं. गाईडने ते स्मारक प्रेमाने दाखवलं. निकितीनने जे रोजनिशीसारखं पुस्तक लिहिलं त्यात मध्येच तुर्की-फारसी-अरबी मिसळलेली भाषा येते आणि शेवट तर मुसलमानी दुआनेच होतो. जुन्नरच्या सुभेदाराने त्याचा घोडा हिसकावला, मुसलमान हो नाहीतर घोडा विसर म्हणून धमकावलं, तेव्हा एका खुरासानी मुसलमानानेच रदबदली करून तो घोडा सोडवला. दोघेही मुसलमान: धमकावणाराही आणि सोडवणाराही. मला ही गोष्ट आवडते, कारण आपल्या इतिहासाचं हे खरं माप आहे. मी ती भाचीला सांगितली. गाईडने कान देऊन ऐकली आणि म्हणाला, "सर, हे पाठवा ना मला." निकितीनच्या साडेपाचशे वर्षं आधी आलेल्या मसूदीच्या नावाचा मात्र चौल-रेवदंड्यात एक दगडही माझ्या पाहण्यात नाही.

साळावचा पूल ओलांडून कोर्लई. डोंगरावरचा किल्ला निजामशाहीने बांधायला घेतला होता, तो १५९४ मध्ये पोर्तुगीजांनी जिंकला. किल्ल्याखालच्या गावात सुमारे हजारभर ख्रिस्ती लोक अजून एक वेगळीच बोली बोलतात, 'क्रिस्ती' किंवा 'नो लिंग', म्हणजे आमची भाषा. पोर्तुगीज शब्द, पण वाक्य पुष्कळसं आपल्या मराठीच्या वळणाचं. पाववाल्याशी मराठी, चर्चबाहेर गप्पा नो लिंगमध्ये. मला हे गाव फार आवडतं आणि तिथे आमच्या सहलीने वेळ दिला याचा आनंद आहे. त्या लोकांचे पूर्वज बहुतेक इथलेच, खालच्या मानलेल्या जातींमधून आलेले, काही शिपायांशी लग्नं झालेली. गाईड म्हणाला, "चारशे वर्षं त्यांनी पोर्तुगालचा वारसा जपला." मी म्हटलं, वारसा कोर्लईचा आहे, पोर्तुगालमध्ये जाऊन ही भाषा बोलला तर कोणाला धड कळणार नाही. त्याला ते पटलं.

मग दुपारी मुरूड. जेवण झालं. राजपुरीहून शिडाच्या होडीने जंजिऱ्यात. आणि तिथे सूर बदलला.

दरवाज्यात भिंतीवर एक शिल्प आहे. वाघासारखं जनावर, त्याच्या पंजांत आणि शेपटीत हत्ती. होडीतून उतरलेल्या एका मोठ्या घोळक्याचा दुसरा एक स्थानिक गाईड तिथे उभा होता. त्याने मराठीत मोठ्याने सांगायला सुरुवात केली: आफ्रिकेतून आलेले हे हबशी गुलाम, क्रूर, दगाबाज, दारूची पिंपं म्हणून आत शिरले, कोळ्यांना मारलं, आणि महाराजांना हा किल्ला मिळू दिला नाही. घोळक्यातून "गद्दार" असा आवाज आला. कोणीतरी हसलं. आमचा मुलगा गडबडला, भाचीला हळूच इंग्रजीत सांगू लागला, पण 'हबशी' आणि 'आफ्रिका' तिला समजलं होतं. ती माझ्याकडे वळली. "मामू, आफ्रिकेतून आलेले वाईट. मग मी कोण?"

आता काही वाचक म्हणतील, सिद्दी मुसलमान म्हणून याला पुळका. नाही. सिद्द्यांच्या अत्याचारांची यादी मला त्या गाईडपेक्षा जास्त पाठ आहे. किनाऱ्यावरची गावं त्यांनी लुटली, माणसं धरून नेली, विकली. श्रीवर्धनचं भट घराणं त्यांच्या जाचामुळेच परागंदा झालं, त्यातूनच पुढे पेशवे झाले. १७२७ मध्ये सिद्दी सातने चिपळूणजवळच्या परशुरामाचं देऊळ उद्ध्वस्त केलं, ऐन शिवरात्रीला. १७३६ मध्ये चिमाजी आप्पाने रेवसजवळच्या लढाईत त्याला ठार केलं. हे झालं नाही असं म्हणणारा मुसलमान खोटं बोलतो, आणि झालं ते बरं झालं असं मनात म्हणणारा त्याहून वाईट.

पण जंजिऱ्याची गोष्ट एवढीच आहे का? ज्या निजामशाहीखाली हा किल्ला होता तिचा शेवटचा मोठा कर्ता पुरुष मलिक अंबर, हाही हबशीच, लहानपणी बाजारात विकला गेलेला. १६२४ मध्ये भातवडीला मुघल-आदिलशाही फौजेचा पराभव त्याने केला तेव्हा शहाजीराजे त्याच्या बाजूने लढत होते आणि त्यांचे भाऊ शरीफजी त्या लढाईत पडले. त्या दोघा भावांची नावंही अहमदनगरच्या शाह शरीफ या पीरावरून ठेवलेली. आणि जंजिऱ्याच्या सिद्दीशी समुद्रावर झुंजलेल्या शिवाजी महाराजांच्या आरमाराचा एक प्रमुख कोण? दौलतखान. समोर पद्मदुर्ग दिसतो, तो महाराजांनी सिद्दीच्या उरावर बांधला. त्या बेटावर नजर टाकताना दौलतखानाचं नाव घेणारा गाईड मी अजून पाहिलेला नाही. एक वाक्य पुरे. तेवढ्या वाक्याने घोळक्यातल्या मुसलमान पोराची मान ताठ होते आणि बाकीच्यांना कळतं की ती लढाई दोन सत्तांची होती.

सिद्दी तीनशेहून जास्त वर्षं इथे राहिले, १९४८ मध्ये संस्थान विलीन झालं. इथेच राहणारी माणसं होती ती, इथेच दफन झाली. पोर्तुगीजांनी कमावलेलं जहाजं भरून लिस्बनला गेलं. तरी पोर्तुगीज 'वारसा' आणि सिद्दी 'परका'. का? कातडीचा रंग हे एक उत्तर आहे, धर्म हे दुसरं. तिसरं माझ्याकडे नाही, कोणाकडे असेल तर त्याने सांगावं.

मी भाचीला सांगितलं की ही तुझ्याबद्दल नव्हती. तिने मान डोलावली. परतीच्या होडीत ती केपटाऊनबद्दल बोलत राहिली. तिथे डचांनी सतराव्या शतकात बांधलेला मोठा किल्ला आहे, प्रवासी बघायला जातात. पण चालत जाण्याच्या अंतरावर 'स्लेव्ह लॉज' आहे, गुलामांना जिथे कोंडत ती इमारत, आता तिथे संग्रहालय आहे. त्या गुलामांत आपल्या बंगालमधून, मलबारातून नेलेलेही होते. किल्ला बघणाऱ्याला तेही बघता येतं. रॉबेन बेटावर तर कैद भोगलेले लोकच गाईड म्हणून फिरवतात. ती म्हणाली, "इथे तुम्ही लोक गाईड का होत नाही?"

या प्रश्नापासून दुसरी तक्रार सुरू होते.

खरंच, का होत नाही? मुरूडपासून श्रीवर्धनपर्यंत आपल्या वस्त्यांमध्ये पंचवीस-तीस वर्षांची शेकडो मुलं आहेत. त्यांना मराठी येतं, हिंदी येतं, पोटापुरतं इंग्रजी येतं. आखातात जाऊन ती दुसऱ्याच्या देशातल्या इमारती राखतात. आपल्या तालुक्यात राहून आपल्या इमारती सांगायचं काम त्यांना कधी कोणी सुचवलंच नाही. जंजिऱ्याच्या होड्यांवर आपली माणसं काम करतात, पण वल्हं मारतात, बोलत नाहीत. आणि बोलली तरी काय बोलतील? त्यांना शिकवलं काय आपण?

आपण त्यांना शिकवलं की आपले पूर्वज अरब. हज्जाजच्या जुलमाला कंटाळून बसऱ्याहून, कुफ्याहून आले. असतील काही. पण मसूदीच्या काळातसुद्धा इथे जन्मलेल्यांना वेगळं नाव होतं, म्हणजे तेव्हाच आपण अर्धे इथले होतो. त्यानंतर अकराशे वर्षं आयांकडून आपण कोण झालो? आपली बोली बघा, आपलं सांदण बघा, लग्नातली गाणी बघा. ही बसऱ्याची नव्हेत. अरब पूर्वजाचा दाखला काढून आपण शेजाऱ्याच्याच हातात पुरावा देतो की हे बाहेरचे. गाईडने जो 'बाहेरचे लोक' हा शब्द वापरला तो त्याने हवेतून काढला नव्हता. आपणच दोन-तीन पिढ्या मोठ्या अभिमानाने तो सांगत आलो.

त्याहून अवघड गोष्ट. हबशी गुलाम झाले कसे? त्यांना बाजारात आणलं कोणी? अरब व्यापाऱ्यांनी, आपल्याच धर्माच्या लोकांनी, आणि नंतर पोर्तुगीजांनीही. आपण वाझमध्ये हजरत बिलाल यांचं नाव घेतो, डोळे पुसतो, आणि घरात लग्न ठरवताना मुलगी सावळी आहे म्हणून कुजबुजतो. कोकणी घरांमध्ये 'सिद्दी' हा शब्द कोणत्या सुरात वापरतात ते मला सांगायला लावू नका. जंजिऱ्याच्या दरवाज्यात तो माणूस जे मोठ्याने बोलला ते आपल्या दालनात हळू आवाजात बोललं जातं. भाचीचा प्रश्न मी आपल्यालाही विचारतो.

आणि तो हमामखाना. घुमट, कमानी, भिंतीत रुजलेली झाडं. आजूबाजूला कचरा. मी आयुष्यात तिथे पाचसहा वेळा गेलो असेन. माझ्या ओळखीतल्या किती लोकांनी तो पाहिला आहे म्हणून एकदा मोजायला गेलो तर एका हाताची बोटं उरली. चौल म्हटलं की आपल्यातल्या चांगल्या शिकलेल्या माणसालाही दत्ताची यात्रा आठवते. यात्रेकरूंचं मला कौतुक आहे, त्यांनी आपलं जपलं. रामेश्वराचं देऊळ गावाने जपलं. आपण हमामखाना सरकारवर सोडला आणि जुनी मशीद वेलींवर. आपल्या जमातीकडे पैसा नाही असं नाही. गेल्या दहा वर्षांत या पट्ट्यात किती मशिदींना नवा संगमरवर बसला, किती मिनार शेजारच्या गावापेक्षा पाच फूट उंच झाले, ते रस्त्यावरूनच दिसतं. लाकडी खांबांच्या, कौलारू, खरोखरच कोकणातल्या वाटणाऱ्या जुन्या मशिदी पाडून हे झालं. त्या पाडताना एक फोटोसुद्धा काढून ठेवला नाही. ज्यांना आपली शंभर वर्षांची मशीद जपता आली नाही त्यांनी चारशे वर्षांची जपली नाही म्हणून पुरातत्त्व खात्याला नावं ठेवू नयेत. खात्याला नावं ठेवायला इतर कारणं आहेत.

मराठीत लिहिणं हीही तीच गोष्ट. चौलच्या मुसलमानांवर शाळकरी मुलाला देता येईल असं एक चाळीस पानांचं पुस्तक मराठीत मला सांगा. उर्दूत काही आहे, पण ते गाईड वाचणार नाही, आपली मुलंही आता वाचत नाहीत. त्या आगरी पोराच्या मोबाइलवर जो मजकूर होता तो कंपनीत कोणीतरी इंटरनेटवरून जमवलेला. जे सापडलं ते त्याने घातलं. आपलं सापडलंच नाही. आपण रागावायचं कोणावर?

सहलीनंतर दोन आठवड्यांनी मी त्या मुलाला दोन पानं मराठीत लिहून पाठवली. मसूदी, हुनरमन, मधुमती, १५०८ ची दुसरी बाजू, निकितीनचा घोडा, भातवडी, दौलतखान. सिद्दी सातही घातला, परशुरामाच्या देवळासकट. त्याचा फोन आला. म्हणाला, "सर, घोड्याची गोष्ट पाहुण्यांना लई आवडली. दौलतखानाचंपण सांगतो आता." हमामखान्याचं विचारलं तर म्हणाला, कंपनी म्हणते वेळ बसत नाही, पण कोणी पाहुण्याने स्वतः मागितलं तर तो नेतो. तेव्हा तुम्ही कोणी जाल तर मागा. चौलच्या नाक्यावर सांगा, आत वळायचं आहे.

तीच दोन पानं मी आमच्या गावच्या जमातीच्या बैठकीत घेऊन गेलो. प्रस्ताव साधा होता: दहा मुलांना आठ रविवार शिकवू, चौल, रेवदंडा, जंजिरा प्रत्यक्ष दाखवू, शिकवायला मी फुकट येतो, फक्त गाडीभाडं द्या. बैठकीत वजूखान्याच्या नव्या टाइल्सचा विषय आधी होता. पांढऱ्या की हिरव्या, यावर पाऊण तास गेला. हिरव्या ठरल्या. माझा विषय पुढच्या महिन्यावर गेला, आणि पुढच्या महिन्यात रमजान होता.